प्रश्न वाचकांचे : टॅरँटुलाची शिकार करणारी गांधीलमाशी

अमेरिकेतील ॲरिझोना राज्यात फिनिक्स शहराजवळ राहणाऱ्या एका वाचक भगिनींनी पाठवलेले छायाचित्र आम्ही गेल्या अंकात छापले होते. डोंगरवाटेवर एक निळसर काळी, केशरी पंखांची भलीमोठी गांधीलमाशी आपल्याहून कितीतरी जड अशा केसाळ कोळ्याला, म्हणजे टॅरँटुलाला, पायाला धरून, मागे सरकत ओढून नेत आहे, असे ते दृश्य होते. छायाचित्राखाली आम्ही ‘टॅरँटुला हॉक’ एवढेच नाव दिले होते. त्यावर बरीच पत्रे आली. त्यांतील निवडक प्रश्नांची उत्तरे या वेळच्या सदरात देत आहोत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत.

ही माशी फक्त वाळवंटातच राहते का? आणि टॅरँटुलाखेरीज ती दुसरे काहीच खात नाही का? (एक वाचक, नाशिक)

आपल्या प्रश्नाचा दुसरा भाग आधी घेतो, कारण पहिल्याचे उत्तर त्यातून आपोआप निघते. पूर्ण वाढलेली टॅरँटुला हॉक माशी कोळी खातच नाही. नर असो वा मादी, पंख आल्यानंतर दोघांचाही आहार म्हणजे फुलांतील मधुरस आणि कधीकधी अतिपक्व होऊन फुटलेल्या फळांचा रस. मादी शिकार करते ती जमिनीखाली वाढणाऱ्या अळीसाठी. ही अळी आयुष्यभर एकाच कोळ्यावर जगते आणि तो कोळी बहुतेक वेळा टॅरँटुला असतो. त्यामुळे या माशीला दोनच गोष्टी लागतात : टॅरँटुलाची वस्ती असलेली जमीन आणि त्याच ऋतूत उमलणारी भरपूर फुले. जेथे या दोन्ही गोष्टी मिळतात तेथे ती राहते, मग ते वाळवंट असो, गवताळ माळ असो किंवा घनदाट पावसाळी जंगल असो.

‘टॅरँटुला हॉक’ हे एका जातीचे नाव नाही. कोळ्यांची शिकार करणाऱ्या गांधीलमाश्यांचे पॉम्पिलिडी नावाचे एक मोठे कुल आहे. जगभरात त्याच्या सुमारे ५,००० जाती आहेत आणि जवळजवळ सगळ्याच कोळ्यांवर वाढतात. त्यातील पेप्सिस आणि हेमिपेप्सिस या दोन प्रजातींतील मोठ्या माश्यांना हे नाव दिले जाते. पेप्सिस ही फक्त अमेरिका खंडातली. संयुक्त संस्थानांच्या दक्षिण भागापासून मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतून थेट अर्जेंटिनापर्यंत तिच्या १३० च्या आसपास जाती पसरलेल्या आहेत. हेमिपेप्सिस मात्र अमेरिकेबरोबर आफ्रिकेत आणि आशियातही आढळते. मोठ्या जातींच्या मादीचे शरीर पाच सेंटिमीटरपर्यंत भरते आणि पंख पसरले असता ती दहा-अकरा सेंटिमीटर रुंद दिसते. दक्षिण अमेरिकेतील काही जाती याहूनही मोठ्या आहेत. पंख सगळ्यांचेच केशरी नसतात. पेप्सिस ग्रोसा या एकाच जातीत केशरी पंखांच्या आणि काळ्या पंखांच्या अशा दोन्ही प्रकारच्या माश्या असतात.

ॲरिझोना, न्यू मेक्सिको, टेक्सास आणि कॅलिफोर्नियाच्या कोरड्या प्रदेशात उन्हाळा हा यांचा मुख्य ऋतू. भर दुपारी तेथील जमीन असह्य तापते, म्हणून या माश्या सकाळी आणि ऊन उतरल्यावर फिरतात. मेस्किटच्या फुलांवर त्या दिसतात, पण त्यांची खरी ओढ असते ती मिल्कवीडच्या फुलांकडे. आपली रुई ज्या कुळातली त्याच कुळातली ही झुडपे आहेत आणि फुलांची रचनाही रुईसारखीच गुंतागुंतीची असते. या फुलांत पराग सुटे नसतात. ते मेणचट पुंजक्यांत बांधलेले असतात आणि फुलावर बसलेल्या कीटकाच्या पायाला किंवा तोंडाला चिमट्यासारखे अडकतात. मोठ्या, ताकदवान आणि लांब पायांच्या कीटकाकडून ते सहज वाहून नेले जातात. आपल्याकडे रुईसाठी हे काम मोठे काळे भुंगे करतात, तेथे ते या माश्यांकडूनही होते. दक्षिण आफ्रिकेतील गवताळ माळांवर तर हे नाते फार पुढे गेले आहे. तेथील मिल्कवीडच्या कुळातील काही वनस्पती आणि काही ऑर्किड परागीभवनासाठी जवळजवळ पूर्णपणे हेमिपेप्सिस माश्यांवर अवलंबून असल्याचे तेथील संशोधकांनी दाखवून दिले आहे. या माशीची ओळख केवळ शिकारी म्हणून करून देणे मला अपुरे वाटते ते यासाठीच. तिच्या आयुष्यातील बहुतेक उजेडाचे तास फुलांवर जातात.

एवढा मोठा, विषारी दातांचा कोळी प्रतिकार करत नाही का? प्रत्यक्ष शिकार कशी होते? (महाविद्यालयीन विद्यार्थिनी, सांगली)

टॅरँटुला दिवसा आपल्या बिळात असतो. बिळाच्या तोंडाशी त्याने रेशमाचे पातळ अस्तर विणलेले असते. माशी जमिनीलगत उडत, थांबत, चालत आणि मिशांनी सतत जमीन चाचपत वासाच्या मागावर फिरते. बीळ सापडले की ती ते रेशीम दूर करून आत शिरते किंवा तोंडाशी हालचाल करून कोळ्याला बाहेर यायला लावते. उघड्यावर आलेला कोळी पुढचे पाय उंच उगारतो आणि दात उघडे करून पवित्रा घेतो. माशी त्याच्याभोवती फिरत राहते, संधी साधून एखादा पाय जबड्यात पकडते, त्याला कलता किंवा उलटा करते आणि पोटाचे टोक वळवून नांगी खुपसते. नांगी कोठेही खुपसून चालत नाही. कोळ्याचे कवच जाड असते. पाय जेथे धडाला जोडलेले असतात तेथील मऊ पापुद्रा तिला गाठावा लागतो. नांगी तेथे पोहोचली की काही सेकंदांत कोळी निपचित पडतो.

कोळी प्रतिकार करतो आणि क्वचित माशी मारलीही जाते. तथापि, नोंदवलेल्या झुंजींत बहुतांश वेळा माशीच जिंकते. तिचे अंग कठीण आणि गुळगुळीत असते, त्यावर कोळ्याचे दात सहज रुतत नाहीत. तिचे पाय लांब आणि आकड्यांच्या नखांचे असतात, त्यामुळे पकड सुटत नाही. याहून विलक्षण गोष्ट अलेक्झांडर पेत्रुन्केविच यांनी नोंदवून ठेवली आहे. रशियात जन्मलेले आणि पुढे अमेरिकेत येल विद्यापीठात शिकवणारे हे कोळीतज्ज्ञ. पोर्तो रिको बेटावरील पेप्सिस मार्जिनाटा ही माशी आणि सिर्टोफोलिस पोर्टोरिकी हा टॅरँटुला यांचे त्यांनी बारकाईने निरीक्षण केले आणि १९२६ साली त्यावर शोधनिबंध प्रसिद्ध केला. त्यांना असे दिसले की माशी आधी कोळ्याची तपासणी करते. ती त्याच्या अंगाखाली शिरते, अंगावर चढते आणि मिशांनी त्याला जागोजागी स्पर्श करते. एरवी साध्या स्पर्शाने चवताळणारा तो कोळी या वेळी मात्र पाय ताठ करून उंच उभा राहतो आणि तिला हवे ते करू देतो. तो वेगळ्या जातीचा निघाला तर माशी त्याला सोडून जाते. हवा तोच असल्याची खात्री झाली की ती काही अंतरावर जाऊन वीस-पंचवीस सेंटिमीटर खोल खड्डा खणते. खणता खणता अधूनमधून बाहेर येऊन कोळी जागेवर आहे ना, हेही ती पाहते आणि मग परत येऊन नांगी मारते. तो कोळी पळून का जात नाही, हा प्रश्न पेत्रुन्केविच यांना शेवटपर्यंत छळत राहिला, आणि त्यांची वर्णने वाचताना आजही तो प्रश्न तितकाच जिवंत वाटतो.

सगळ्याच जाती असे आधी खणत नाहीत. कित्येकदा माशी निपचित कोळ्याला त्याच्याच बिळात परत ओढून नेते. हे ओझे तिच्या वजनाच्या कित्येक पट असते. ते घेऊन उडणे शक्य नसल्याने ती मागे सरकत, दगड-काटक्यांवरून ते ओढत नेते. गेल्या अंकातील छायाचित्र याच टप्प्याचे आहे.

चार्ल्स डार्विन यांनीही १८३२ साली ब्राझीलमध्ये, रिओ द जानेरोजवळ मुक्कामी असताना, एका पेप्सिसची झुंज पाहिली होती. पहिल्या झडपेत जखमी झालेला मोठा कोळी उतारावरून घरंगळला आणि गवताच्या झुबक्यात दडला. माशी परत आली तेव्हा तो जागेवर नव्हता. तेव्हा शिकारी कुत्र्याने कोल्ह्याचा माग काढावा तशी ती अर्धगोल घिरट्या घालत, पंख व मिशा फडफडवत त्याला शोधत राहिली, असे डार्विन लिहितात. कोळी सापडल्यावरही त्याच्या दातांचे तिला भय वाटत असावे, कारण बऱ्याच हुलकावण्या दिल्यानंतरच तिने त्याच्या छातीखाली दोनदा नांगी मारली. विद्यार्थ्यांनी हे वर्णन मुळातून वाचावे, अशी माझी आग्रहाची सूचना आहे. निरीक्षण करणारा माणूस किती थोड्या वेळात किती गोष्टी पाहू शकतो, याचा तो उत्तम नमुना आहे.

त्या कोळ्याचे पुढे काय होते? तो मेलेला असतो की जिवंत? जिवंत असेल, तर हे फार क्रूर नाही का? (दोन वाचक, पुणे आणि अमरावती)

तो जिवंत असतो आणि या साऱ्या व्यवस्थेचे मर्म तेच आहे. मेलेला कोळी उष्ण जमिनीत थोड्याच दिवसांत कुजेल आणि अळी उपाशी मरेल. म्हणून माशीचे विष जीव घेत नाही, केवळ हालचाल थांबवते. कोळ्याचे हृदय चालू असते, पण पाय हलत नाहीत. अशी विषे मज्जातंतूंवर नेमके काय करतात याचा काही उलगडा जपानी संशोधकांनी १९९८ साली केला. त्यांनी अभ्यासल्या त्या माश्या याच कुलातील, पण जपानमधील लहान जातींच्या होत्या. त्यांच्या विषातून त्यांनी ‘पॉम्पिलिडोटॉक्सिन’ या नावाचे, अवघ्या १३ अमिनो आम्लांचे छोटे रेणू वेगळे काढले. मज्जापेशीत सोडियमचे कण आत येण्याची जी दारे असतात ती हे रेणू वेळेवर बंद होऊ देत नाहीत, आणि त्यामुळे संदेशवहन बिघडते.

बिळात नेल्यावर माशी कोळ्याच्या पोटावर एकच अंडे घालते, बाहेर येऊन तोंड मातीने बुजवते, वरची माती सारखी करते आणि निघून जाते. त्या अंड्याकडे ती पुन्हा फिरकत नाही. एक कोळी म्हणजे एक अपत्य, असा हा हिशेब आहे. मुंग्या-मधमाश्यांप्रमाणे येथेही फलित अंड्यातून मादी आणि अफलित अंड्यातून नर निपजतो. शिकार मोठी मिळाली तर माशी सहसा मादीचे अंडे घालते आणि लहान मिळाली तर नराचे. मादीला पुढे टॅरँटुलाशी झुंजायचे असते, म्हणून मोठी शिदोरी तिच्या वाट्याला येते. अंड्यातून निघालेली अळी प्रथम कोळ्याच्या त्वचेला छिद्र पाडून शरीररस शोषते आणि वाढल्यावर आत शिरते. हृदयासारखे जीव टिकवणारे अवयव ती शेवटपर्यंत शिल्लक ठेवते, त्यामुळे अन्न ताजे राहते. काही आठवड्यांत वाढ पूर्ण झाली की ती रेशमी कोष विणते आणि कालांतराने त्यातून पंख असलेली माशी जमीन फोडून बाहेर येते.

क्रौर्याचा प्रश्न मी टाळणार नाही. त्या कोळ्याची करुणा येणे अगदी स्वाभाविक आहे, आणि टॅरँटुलाविषयी जितकी अधिक माहिती होते तितकी ती वाढते. अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडील टॅरँटुला मादी वीस वर्षांहून अधिक जगू शकते आणि बरीच वर्षे एकाच बिळात काढते. तिचा असा शेवट व्हावा, हे वाचताना मन कळवळते. १८६० साली डार्विन यांनी अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञ एसा ग्रे यांना लिहिलेल्या पत्रात अशाच एका कीटकसमूहाचा उल्लेख आहे. सुरवंटांच्या जिवंत शरीरात अळ्या वाढवणारे कीटक एखाद्या दयाळू आणि सर्वशक्तिमान देवाने हेतुपूर्वक निर्माण केले असतील, हे आपल्या मनाला पटत नाही, असे त्यांनी त्यात म्हटले आहे. मला वाटते, करुणा योग्य आहे, दोषारोप मात्र योग्य नाही. दुसरा मार्ग उपलब्ध असताना निवडलेल्या वेदनेला आपण क्रौर्य म्हणतो. या माशीपुढे दुसरा मार्ग कधी नव्हताच. शिवाय शिकारीच्या या पद्धतीत प्रमाण राखले जाते, कारण प्रत्येक नव्या माशीसाठी एक कोळी, एक झुंज आणि एक बीळ लागते, आणि त्यामुळे माश्यांची संख्या कोळ्यांच्या संख्येपुढे जाऊच शकत नाही.

कुंभारीण माशी अळीला मातीच्या घरट्यात कोंडते, भोवती गुणगुणते आणि त्या ध्यासाने अळीचीच माशी होते, असे आम्ही कीर्तनांतून ऐकत आलो. छायाचित्रातील प्रकाराचा याच्याशी संबंध आहे का? (एक ज्येष्ठ वाचक, पैठण)

आपले पत्र वाचून फार आनंद झाला, कारण संबंध आहे आणि तो जवळचा आहे. भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूत आपले चोवीस गुरू सांगतो. त्या यादीत कोळी आणि त्याच्या लगेच पुढे ही कुंभारीण येते, आणि तेथेच यादी पूर्ण होते. नाथमहाराजांनी त्याच स्कंधावर विस्ताराने टीका लिहिली असल्याने हा दृष्टान्त मराठी घरांत खोलवर रुजला.

त्यातील निरीक्षण अचूक आहे. बंद घरट्यात अळी जाते आणि काही दिवसांनी त्यातून माशीच बाहेर पडते, हे कोणीही पाहावे. पाहणाऱ्याला न दिसलेली एकच गोष्ट म्हणजे घरटे लिंपण्यापूर्वी माशीने आत घातलेले अंडे. आत ठेवलेली अळी नांगी मारून निश्चल केलेली असते. त्या अंड्यातून निघालेली माशीची स्वतःची अळी तिच्यावर वाढते. टॅरँटुला हॉक नेमके हेच करते, फक्त मातीचे घरटे बांधण्याऐवजी बीळ वापरते आणि अळीच्या जागी कोळी ठेवते. आपल्या भिंतींवर मातीची घरटी करणाऱ्या माश्यांतही दोन तऱ्हा आहेत. काही जणी घरट्यात सुरवंट भरतात, तर बारीक कंबरेच्या काही जणी छोटे छोटे कोळी दाटीने भरतात. रिकामे झालेले जुने घरटे हलक्या हाताने उघडून पाहिले तर आत त्या कोळ्यांचे वाळके पाय सापडतात.

ज्या वस्तूचा ध्यास घ्यावा तिचे रूप यावे, हे दृष्टान्तातील सांगणे साधनेविषयी आहे. अंड्याचा शोध लागल्याने त्याला बाध येतो असे मला वाटत नाही. निसर्गाकडे इतक्या जवळून पाहण्याची सवय त्या परंपरेला होती, याचेच मला कौतुक वाटते.

आमच्या अंगणातील फुलांवर उन्हाळाभर या माश्या येतात. मुले लहान आहेत. हिचा दंश जगातील सर्वांत वेदनादायक असतो असे ऐकले. मारून टाकाव्यात का? (छायाचित्र पाठवणाऱ्या वाचक, फिनिक्स परिसर)

कृपया मारू नका. तशी गरज नाही.

दंशाविषयी आपण ऐकले ते मात्र बरेचसे खरे आहे. ॲरिझोनातील टुसान येथे काम करणारे कीटकशास्त्रज्ञ जस्टिन श्मिट यांनी मधमाश्या, मुंग्या आणि गांधीलमाश्यांच्या दंशांची तीव्रता मोजण्यासाठी शून्य ते चार अशी एक श्रेणी तयार केली. यातील बहुसंख्य दंश त्यांनी स्वतः अनुभवलेले होते. मधमाशीचा दंश या श्रेणीत दोनवर आहे. टॅरँटुला हॉक चारवर आहे आणि तिच्या जोडीला दक्षिण व मध्य अमेरिकेतील बुलेट मुंगीसारखे फारच थोडे कीटक आहेत. या कामासाठी २०१५ साली श्मिट यांना आणखी एका संशोधकाबरोबर इग नोबेल पुरस्कार मिळाला. २०२३ साली त्यांचे निधन झाले.

परंतु वेदना आणि धोका या वेगळ्या गोष्टी आहेत, आणि श्मिट यांच्या लेखनातील सर्वांत मोलाचा मुद्दा मला हाच वाटतो. बुलेट मुंगीची वेदना दिवसभर राहते. टॅरँटुला हॉकची वेदना विजेच्या झटक्यासारखी उसळते आणि सुमारे पाच मिनिटांत ओसरते. सस्तन प्राण्यांच्या दृष्टीने हे विष फारसे घातक नाही. त्या काही मिनिटांत माणूस भान हरपून धावतो, पडतो, दगडावर आपटतो, आणि खरी इजा त्यातून होते. म्हणून दंश झाल्यास जागीच आडवे व्हावे आणि ओरडावेसे वाटले तर खुशाल ओरडावे, असे श्मिट सांगत. मात्र कोणत्याही दंशानंतर चेहरा सुजू लागला, अंगभर गांधी उठल्या, श्वास घ्यायला त्रास झाला किंवा चक्कर आली, तर ती ॲलर्जी असू शकते आणि तेव्हा एक क्षणही न दवडता रुग्णालय गाठावे.

आता मुलांविषयी. आग्यामोहोळ उठते ते पोळ्याच्या रक्षणासाठी. टॅरँटुला हॉक एकटी राहते. तिला पोळे नाही, राणी नाही, राखायला काही नाही, त्यामुळे माणसाच्या अंगावर धावून जाण्याचे तिला कारणच नाही. नराला तर नांगीच नसते. माणसांना होणारे दंश बहुधा तिला हाताने पकडल्यावर किंवा अनवाणी पाय तिच्यावर पडल्यावर होतात. मुलांना दोनच गोष्टी सांगा : त्या रंगाच्या माशीला हात लावायचा नाही आणि अंगणात पायांत काही घातल्याशिवाय फिरायचे नाही. तो गडद निळा आणि केशरी रंग, तो सावकाश, निर्धास्त वावर आणि जवळ गेल्यास येणारा उग्र दर्प या तिने आधीच दिलेल्या सूचना आहेत. पक्षी आणि सरडे त्या ओळखतात. रोडरनरसारखा एखादाच पक्षी तिच्या वाटेला जातो. या रंगाचा दबदबा इतका आहे की मिडास माश्यांसारखे काही निरुपद्रवी कीटक तिच्याशी साम्य राखून स्वतःचा बचाव करतात. श्मिट यांनी २००४ सालच्या आपल्या निबंधात दाखवले आहे की, अशा जबर दंशामुळे शत्रू दूर राहतात आणि म्हणूनच या माश्यांना भर उघड्यावर, फुलांवर बसून दीर्घकाळ जगता येते. आपल्या अंगणात त्या शांतपणे बसलेल्या दिसतात त्याचे कारणही तेच.

शिकार मादी करते, खड्डा मादी खणते. मग नर काय करतो? (एक वाचक, नागपूर)

नर फुलांवर जगतो आणि मादीची वाट पाहतो. हे वाट पाहणेही अभ्यासण्याजोगे आहे. ॲरिझोना राज्य विद्यापीठातील जॉन अल्कॉक यांनी फिनिक्सच्या पूर्वेस, मेसा शहराजवळील उसेरी डोंगरांत हेमिपेप्सिस उस्टुलाटा या जातीच्या नरांचे अनेक वर्षे निरीक्षण केले. वसंतात हे नर डोंगरमाथ्यावर जातात आणि पालो व्हर्देसारखे एखादे ठळक झाड किंवा झुडूप आपले म्हणून धरून बसतात. माथ्यावर ना विशेष फुले, ना टॅरँटुलांची बिळे. तरीही मादी मीलनासाठी तेथेच येते, कारण माथा दुरून ओळखू येतो. दुसरा नर आला की दोघे एकमेकांभोवती फिरत सरळ आकाशात उंच चढत जातात, मग खाली येतात आणि पुन्हा चढतात. ज्याचा दम आधी संपतो तो निघून जातो. मोठ्या शरीराचा नर सहसा वरचढ ठरतो. वर्षे बदलली, नरांच्या पिढ्या बदलल्या, तरी पसंतीची झाडे तीच राहिली, असे अल्कॉक यांना आढळले. आदल्या वर्षीच्या नरांकडून काही शिकण्याची सोय नसताना दरवर्षीचे नवे नर त्याच झाडांशी भांडायला येतात, ही नोंद मला या सगळ्या विषयातील अत्यंत सुंदर नोंदींपैकी एक वाटते.

हा कीटक अमेरिकेतील एका राज्याचे मानचिन्ह आहे, हे खरे का? (एक शिक्षक, लातूर)

होय. १९८९ साली न्यू मेक्सिको राज्याने टॅरँटुला हॉकला राज्यकीटकाचा दर्जा दिला. एजवूड या गावातील प्राथमिक शाळेच्या मुलांनी यासाठी पुढाकार घेतला होता आणि राज्यातील शाळांत मतदान घेऊन निवड झाली.

असे काही आपल्या सह्याद्रीत किंवा कोकणात आहे का? पावसाळ्याच्या सुमारास मी जवळजवळ असाच प्रकार पाहिला आहे. (एक वाचक, रत्नागिरी, अशाच आशयाचे पत्र फोंडा, गोवा येथूनही आले आहे)

पेप्सिस आपल्याकडे नाही, पण कोळ्यांची शिकार करणाऱ्या पॉम्पिलिडी कुलातील माश्या भारतभर आहेत आणि हेमिपेप्सिसही त्यांत आहे. ब्रिटिशकाळात भारतातील प्राण्यांच्या नोंदींची जी ग्रंथमाला निघाली, तिचा गांधीलमाश्या आणि मधमाश्यांवरील खंड सी. टी. बिंगहॅम यांनी १८९७ साली लिहिला, आणि त्यात या कुलातील अनेक भारतीय जातींची वर्णने आहेत. आपल्याकडे टॅरँटुलाही आहेत. महाराष्ट्र, गोवा आणि कर्नाटकाच्या घाटभागात जमिनीत रेशमी बीळ करून राहणारा चिलोब्रॅकिस फिंब्रिॲटस हा कोळी आढळतो, तर झाडांच्या ढोलीत राहणारा पोसिलोथेरिया रिगॅलिस हा आपल्या सह्याद्रीत आणि पूर्व घाटातही आहे. याखेरीज घरांत, गोठ्यांत आणि बागांत फिरणारे मोठे, चपट्या अंगाचे कोळीही या कुलातील माश्यांचे भक्ष्य होतात. आपण पाहिलेला प्रकार बहुधा या शेवटच्या गटातला असावा.

तो पुन्हा दिसला तर कृपा करून माशीला कोळ्यापासून सोडवू नका. नांगी बसलेला कोळी सहसा सावरत नाही आणि माशीची सारी मेहनत मात्र वाया जाते. हातभर अंतरावरून छायाचित्र घ्या, आणि ते घेताना माशीइतकेच कोळ्याकडेही लक्ष द्या. त्याचे आठ डोळे कसे मांडलेले आहेत, पाय केसाळ आहेत का आणि तो पाठीवर आहे की पोटावर, हे स्पष्ट दिसले तर ओळख पटवणे सोपे जाते. ठिकाण, तारीख, वेळ आणि ती त्याला कोठे घेऊन गेली, म्हणजे भिंतीच्या फटीत, कुंडीखाली की जमिनीतील बिळात, हे सोबत लिहून पाठवा. आलेली छायाचित्रे ओळखीसह पुढील अंकांत छापू.